ओंजळीतली मासोळी

एका राज्यात धीरसेन राजाला दोन मुली होत्या. थोरली हेमकळा, धाकटी सोनवेल. हेमकळा शहाणी, कामसू. पण राजा शिकारीहून परतला की पहिली हाक सोनवेलीलाच मारी. ती कानी पडली की हेमकळेच्या पोटात हेव्याची आग पडे.

पुढे राजाने गादीही धाकटीच्याच नावे केली. हेमकळा तडक धूम्राक्ष मांत्रिकाकडे गेली. त्याने चिमूटभर राख दिली. हेमकळेने ती नदीकाठी मागून पाठीवर टाकताच सोनवेल बोटाएवढी मासोळी झाली आणि नदीतल्या हजार मासोळ्यांत मिसळली.

लेक हरवली म्हणून राजा रोज रडत नदीकाठी बसे. लाह्या टाकल्या की एक मासोळी नेमकी त्याच्या तळहातावर येई. राजा म्हणे, "ये गं बाई माझी." हेमकळा दुरून ऐके. मासोळी झाली तरी हीच पुढे!

तिने बगळ्याला धाडले. बगळा रिकाम्या चोचीने परतला. म्हणाला, "राजकन्ये, ती माणसासारखी रडते. मला गिळवत नाही."

तिने कोळ्यांकडून जाळे टाकवले. मासोळी जाळ्याच्या घरातून सहज निसटली.

मग तिने वरच्या अंगाला दगडांचा बांध घातला. नदी आटली. शेवटच्या डबक्यात मासोळ्या तडफडू लागल्या, तेव्हा हेमकळा स्वतः चिखलात उतरली. डबके तुडवायला तिने पाय उचलला, तोच एक मासोळी सरपटत येऊन दुसऱ्या पायाला बिलगली.

"ताई, तू आलीस! आता मी वाचले."

हेमकळेचा पाय अधांतरीच राहिला. हिला काहीच ठाऊक नव्हते.

काठावरचा खंड्या पक्षी बोलला, "जिने हे घडवले तिने राजासमोर कबूल करावे. दुसरा उपाय नाही."

हेमकळेने डबक्यातल्या पाण्यासकट मासोळी ओंजळीत घेतली आणि राजवाड्यात जाऊन राजापुढे उभी राहिली. "आबासाहेब, हे मी केले. तुमची माया हिच्यावरच. मला सोसवले नाही."

शब्द संपले आणि ओंजळ रिकामी झाली. समोर सोनवेल उभी होती, ओलीचिंब. राजाने तलवारीला हात घातला.

"थांबा आबासाहेब," सोनवेल म्हणाली. "मला इथवर आणले तेही ताईनेच."

राजाने तलवार सोडली आणि धाकटीला पोटाशी धरले. हेमकळेच्या पोटात पुन्हा तीच आग पडली. पण ती मुकाट्याने बांधावर गेली आणि एकेक दगड उपसू लागली. उरलेल्या मासोळ्यांपर्यंत पाणी पोचले, तेव्हा तिची बोटे रक्ताळली होती.

धूम्राक्षाला सीमेपार हाकलले. सोनवेल गादीवर बसली आणि नदीचा कारभार तिने बहिणीला दिला. नदी एका दिवसात भरली. हेमकळेचे मन निवायला मात्र पुष्कळ वर्षे लागली. पण निवले. तसे सर्वांचे निवो.