विलायती लेथचा नवा रंग

यंत्रांना गप्पा मारायला फुरसत होती, त्या काळची गोष्ट. कोल्हापूरच्या एका कारखान्यात विलायतेहून बोटीनं आलेला, लोखंड कातणारा लेथ होता. दस्तगीर मिस्त्री रोज सकाळी त्याच्या अंगावरच्या बारीक भोकांत बुधलीनं तेल सोडायचे आणि मगच त्याला फिरवणारा पट्टा चढवायचे.

एका खंडेनवमीला मिस्त्री गावी गेले होते. मालकांनी हौसेनं लेथला हिरवागार रंग फासला, झेंडूची माळ घातली. लेथ असा फुगला की विचारू नका!

"अहो, तुमची भोकं रंगानं बुजलीत," फळीवरून बुधली म्हणाली. "आता तेल जाणार कुठून?"

"गप गं तेलकटे! डाग पाडशील माझ्यावर. साठ वर्षं लोखंड काततोय मी, मला शिकवतेस?"

दसरा झाल्यावर मालकांनी घाईचा म्हणून उसाच्या चरकाचा दांडा कातायला घेतला. घटकाभरात लेथ किंचाळू लागला. बेअरिंग तापलं, धूर निघाला.

"बुधले, अगं मेलो!"

तेवढ्यात मिस्त्री परतले. त्यांनी धावत जाऊन पट्टा उतरवला, दाभणानं एकेक भोक मोकळं केलं आणि बुधली कलंडवली. तेल आत उतरलं, तसा लेथ निवला. संध्याकाळपर्यंत दांडा झाला तयार!

पुढच्या खंडेनवमीला पुन्हा रंग आला, माळ आली. मिस्त्रींनी माळ उचलताच लेथ म्हणाला, "थांबा, आधी बुधलीला घाला."

बुधली इतकी लाजली, की तिच्या तोंडून एक थेंब टपकन लेथच्या ओल्या रंगावर सांडला.

"अगंबाई, डाग पडला!"

"असू दे," लेथ म्हणाला, "शोभतोय."