घुंगरू न वाजलेली चोरी

खूप खूप वर्षांपूर्वी, माणसं आजच्याइतकीच शहाणी होती तेव्हा, एका राज्यात अशी रीत होती: शिक्षा संपत आलेल्या कैद्याच्या पायात घुंगरू ठोकून त्याला गावी सोडत. अमावास्येपर्यंत कुणी कामावर ठेवलं, तर घुंगरू तोडायचं. नाहीतर पुन्हा तुरुंग.

असा एक कैदी गावी परतला. तरुणपणी त्याने गावच्या कोठारातलं धान्य चोरलं होतं. तुरुंगात तो धान्याच्या कणग्या सुरेख विणायला शिकला होता. पण तो गल्लीत शिरला, की दारं धडाधड लागत. तो जपून पाऊल टाकी, तरी घुंगरू वाजे. कूस बदलली तरी वाजे. चंद्र रोज झिजत होता आणि त्याचा जीव थाऱ्यावर नव्हता.

शेवटी तो पाटलांकडे गेला. "पाटील, कोठारातल्या कणग्या फाटल्यात. विणून देतो."

"देशील रे. आधी ते घुंगरू काढून ये."

"काम मिळालं की निघेल."

"आणि निघालं की मिळेल," पाटील म्हणाले. आपण फार न्यायाचं बोललो, असं वाटून त्यांनी मिशीवरून हात फिरवला.

अमावास्येच्या सकाळी कोठारातलं धान्य गायब झालेलं दिसलं. गाव काठ्या घेऊन कैद्याच्या झोपडीवर धावलं.

"दुसरं कोण असणार?" कोठार सांभाळणारा कोठारी सगळ्यांत मोठ्याने ओरडला.

कैद्याने मान खाली घातली. तेवढ्यात कोठाराशेजारची म्हातारी पुढे आली.

"अरे, घुंगरू वाजलं असतं तर मी उठले नसते होय? त्या आवाजानं माझी कोंबडीसुद्धा खुराड्यात पळते!"

"चिंधी गुंडाळली असेल त्याने!" कोठारी म्हणाला.

"असेल बाबा. पण रात्री गाडी करकरली ती तुझी. आपल्या कोठाऱ्याचीच आहे म्हणून मी निवांत झोपले."

धान्य कोठाऱ्याच्या गोठ्यात सापडलं. पाटलांनी कैद्याला कामावर ठेवलं आणि घुंगरू तोडवून घेतलं.

"हे आता फेकून दे."

"नको पाटील. कोठाराच्या दाराला बांधू. मी आत गेलो तरी वाजेल, तुम्ही गेलात तरी."

मिशीकडे निघालेला पाटलांचा हात मध्येच थांबला. पण म्हातारी बघत होती, म्हणून त्यांनी मान डोलावली.

त्यानंतर कोठारातला दाणाही हलला नाही. फक्त, आत जाताना पाटील का कोण जाणे फार जपून पाऊल टाकीत.

तात्पर्य: शिक्षा भोगून आलेल्याला काम द्यावं, आणि पहारा ठेवायचाच तर तो सगळ्यांवर सारखा ठेवावा.