पवळीची हाक

कड्याखालच्या एका गावात हैबतराव नावाचा पाटील राहत असे. नावासारखाच त्याचा आवाज. त्याने अंगणातून हाक मारली, की नदीपलीकडचा माणूस दचकून ओ देई. अशा माणसापुढे दुसऱ्या कुणाचं बोलणं पुरं होणार तरी कसं? त्याची बायको म्हाळसा, तिचं तर अर्धं बोलणं कायम तोंडातच राहायचं.

श्रावणातल्या एका सकाळी पवळी गाईचं वासरू इतर गुरांमागे पठारावर गेलं. पाटलाने आपल्या एकुलत्या लेकीला, साळूला, ते आणायला धाडलं.

म्हाळसा म्हणाली, "अहो, आज पोरीला वर..."

"जाईल की! माझी पोर आहे ती," पाटील गरजला. विषय संपला.

दुपारी धुकं उतरलं. गुराखी गुरं घेऊन खाली आला. साळू आणि वासरू आली नाहीत.

सारा गाव पठारावर चढला. हात पुढे केला तर बोटं दिसेनात. पाटील जीव तोडून ओरडू लागला, आणि भोवतालचे कडे त्याची हाक चारी बाजूंनी परत फेकू लागले. पठाराच्या कडेला खोल दरी. पोर कुठल्या हाकेमागे जाईल, काय सांगावं?

दावं तोडून पवळीही लोकांमागे वर आली होती. ती हंबरू लागली. पाटील चिडला.

"हिला आधी खाली न्या! माझी हाक पोरीला ऐकू जात नाही!"

म्हाळसा पुढे झाली. "अहो, तुम्ही गप्प बसा. पवळीला बोलू द्या."

लोक चपापले. पाटलाला गप्प बसवणारं माणूस त्या गावात अजून कुणी पाहिलं नव्हतं. पाटलाने बोलायला तोंड उघडलं, आणि मिटलं. लेकीच्या जिवापुढे मानपान कसला!

पवळीने मान उंचावून हाक दिली आणि ती थांबली. तिचे कान वळले. माणसांना काहीच ऐकू आलं नव्हतं, पण तिला आलं होतं. ती चालू लागली. पुन्हा हंबरली, पुन्हा थांबली. या खेपेला धुक्यातून बारीकसं उत्तर आलं. पाटील तिच्या पाठीवर हात ठेवून मुकाट्याने चालत होता. वासराचा आवाज जवळ आला तशी पवळीने तोंड मिटलं आणि तिचा सूरच बदलला. आता छातीतून खोल, मऊ हुंकार येत होता. तो पाटलाला कानांपेक्षा तळहातात जास्त जाणवला. रोज गोठ्यात एवढं बोलणं चालायचं, आणि आपल्याला पत्ताच नव्हता!

साळू वासराच्या गळ्याला मिठी मारून बसली होती.

"आबा, तुमची हाक सगळीकडून यायची. मी तिकडे निघाले होते, पण हे हलेचना. आपल्या आईला ओ देत उभं राहिलं."

तिने बोट दाखवलं. वाऱ्याने धुकं जरा सरकलं. तिकडे जमीनच नव्हती.

संध्याकाळी पवळी वासराला चाटत तसाच हुंकार देत होती. पाटील गोठ्यात बराच वेळ ऐकत बसला. मग म्हाळसेला म्हणाला, "सकाळी काय सांगत होतीस? पुरं सांग."

म्हाळसेकडे सांगायचं पुष्कळ साठलं होतं. तिने सगळं सांगितलं. पाटलाने मध्ये एकदाही तोंड उघडलं नाही.

तात्पर्य: आवाज मोठा असला म्हणजे वाट ठाऊक असतेच असं नाही; आपण गप्प झालो, की ज्याला वाट ठाऊक आहे त्याचं बोलणं ऐकू येतं.