पालीची साक्ष

एका घराच्या मधल्या खोलीत, छताच्या कोपऱ्यात, एक कोळीण राहत असे. माणसांच्या घरात कसं नांदायचं हे ती आईकडून शिकली होती. डास-चिलटं खायची, कुणाच्या अंगावर जायचं नाही आणि झाडू दिसला की खिडकीच्या चौकटीमागच्या फटीत शिरायचं. जाळं गेलं तर गेलं, पुन्हा विणता येतं. पण मुलांनो, या वेळी त्या जाळ्यात तिच्या अंड्यांची पुरचुंडी टांगलेली होती.

घरात दसऱ्याची साफसफाई सुरू झाली तशी तिच्या जिवाची घालमेल होऊ लागली. "पुरचुंडी घेऊन आत्ताच फटीत जाते," ती म्हणाली. तिथेच ट्यूबलाइटमागे एक पाल राहत असे. ती हसली. "भित्री कुठली! या घरात माझा शब्द चालतो. मी चुकचुकले की सगळे 'खरं आहे, खरं आहे' म्हणतात. तू निवांत बस, तुझ्यासाठी मी बोलेन." माणसांचं ते 'खरं आहे' कोळिणीनेही कितीदा तरी ऐकलं होतं. शिवाय विणलेलं घर सोडून जाणं कुणाच्या जिवावर येत नाही? बिचारी थांबली.

सकाळी सून लांब काठीला झाडू बांधून आली. सासूबाईंनी कोपऱ्याकडे बोट दाखवलं. "अगं, आधी ते जळमट काढ. सणाला घरात जळमट नको." पालीने सगळा जीव एकवटून विनवलं, "नको, नको! तिथे तिची पिल्लं आहेत!" माणसांच्या कानी पडलं ते एवढंच : चुक् चुक् चुक्. सासूबाईंनी टेबलावर बोटांनी टकटक केलं. "खरं आहे! बघ, पालसुद्धा हो म्हणतेय." सुनेने काठी उचलली. कोळीण पुरचुंडीकडे धावली, पण झाडू तिच्याआधी पोचला. कशीबशी ती फटीत शिरली, एकटीच.

संध्याकाळी पाल फटीच्या तोंडाशी आली. तिला मान वर करवेना. "कोळीणबाई, मी खरंच बोलले गं."

"बोललीस," कोळीण म्हणाली. "पण त्यांनी तुझं कधी ऐकलंच नव्हतं. तू चुकचुकायच्या आधी ते स्वतः जे बोललेले असत, त्यालाच ते खरं म्हणत होते."

पाल ट्यूबलाइटमागे परतली. कोळीण रिकाम्या कोपऱ्याकडे पाहत राहिली.

तात्पर्य : लोक माना डोलावतात म्हणून त्यांना आपलं म्हणणं कळतं असं समजू नये, आणि पोटच्या जिवाची राखण दुसऱ्याच्या बढाईवर सोडू नये.