खालचा रकाना

"…पण माझं नाव खालच्या रकान्यात कसं, बाई?"

एर्सिलिया बाईंनी मान वर केली नाही. त्या खेळातल्या एका मोठ्या, जुन्या रिंगला चिकटपट्टी गुंडाळत बसल्या होत्या.

"मग कुठे हवं होतं?"

"वरच्या!"

लुदोविकाने अर्ज टेबलावर आपटला. तो तिने बाईंच्या खणातून न विचारता काढला होता. बाईंनी ते विचारलं नाही आणि तिनेही सांगितलं नाही.

अर्जात दोन रकाने होते. वरच्यात खेळाडूचं नाव: नीवेस. खालच्यात प्रशिक्षकाचं नाव: लुदोविका. त्याच्यापुढे सहीसाठी एक कोरी रेघ.

बाईंचं वय अठ्ठ्याहत्तर. या वयात रकाना चुकू शकतो, असं लुदोविका वाटभर स्वतःला बजावत आली होती. चूक दुरुस्त करून घ्यायची आणि नाव वर चढवायचं, इतकं साधं काम.

"चुकून झालं असेल," ती जरा मऊ आवाजात म्हणाली. "मी नवा अर्ज आणलाय."

"चुकून नाही झालं."

…

हे गाव उत्तर इटलीतलं, कोमो सरोवराच्या वरच्या अंगाला. तिथली रेशमाची गिरणी बंद पडली, तेव्हा तिचं उंच छपराचं गोदाम बाईंनी मागून घेतलं. रिदमिक जिम्नॅस्टिक्सला जमीन थोडी असली तरी भागतं, पण डोक्यावर मोकळी जागा भरपूर लागते. रिंग, चेंडू, फीत, जे हातात येईल ते उंच उडवायचं, खाली एक कोलांटी मारायची आणि उठता उठता झेलायचं. बघणाऱ्याला ते सोपं वाटलं पाहिजे. तिथेच सगळा घाम जातो.

लुदोविका सहाव्या वर्षी आईचं बोट धरून या गोदामात आली. आई चष्म्याच्या कारखान्यात कामाला, दुपारी मुलीला सांभाळायला कुणी नाही, म्हणून आली. आली ती इथलीच झाली. दोन रौप्यपदकं, घोट्याची एक शस्त्रक्रिया आणि पाच जणींच्या संघाचं कप्तानपद, एवढं सोळा वर्षांत जमलं. आता ती बावीस वर्षांची होती. या खेळात बाविशीच्या मुलीला म्हातारी समजून बसायला खुर्ची द्यायचं तेवढं बाकी असतं.

राहिला होता तो राष्ट्रीय संघाचा निळा कोट.

आणि परवा पत्र आलं. शिबिरासाठी तुमच्याकडची एकच मुलगी पाठवा. अर्ज आज संध्याकाळच्या टपालाने निघाला पाहिजे. पुढच्या वर्षी असं पत्र आलं, तरी ते लुदोविकासाठी नसणार, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती.

…

"प्रशिक्षक तुम्ही आहात," लुदोविका म्हणाली. "मी नाही."

"मी तिला काय शिकवलं?"

"सगळंच!"

"वाकायला शिकवलं. ताणायला शिकवलं. ते तुम्हा पाचही जणींना येतं." बाईंनी चिकटपट्टी दाताने तोडली. "पत्र नीट वाचलंस?"

लुदोविकाने ते इतक्यांदा वाचलं होतं, की घड्यांवर कागद विरला होता.

"काय लिहिलंय त्यांनी? कशासाठी मुलगी हवी?"

लुदोविकाने पत्राची घडी उलगडली.

"वाच ना."

"…'जिचा झेल आम्ही तोरिनोत पाहिला, तिच्यासारखी.'"

"मग? तिला झेलायला कुणी शिकवलं?"

लुदोविकाने पत्र पुन्हा घडी घालून ठेवलं. हा प्रश्न एक ना एक दिवस येणार, हे तिला ठाऊक होतं. फक्त तो रागाने येईल असं तिला वाटलं होतं. बाईंनी तर किती वाजले विचारावं तसा तो विचारला.

…

चार वर्षांपूर्वी नीवेस डोंगरावरच्या वाडीतून आली. बाप चीज बनवणारा. पोरीच्या कपड्यांनाही दुधाचा वास. काटकी, अबोल, तेरा वर्षांची. लुदोविकानेच तिला नुसता चवडा झाकणारे अर्धे बूट कसे चढवायचे ते दाखवलं होतं. पहिलं वर्ष ती तिला धाकट्या बहिणीसारखी घेऊन फिरायची.

मग तो दिवस आला.

बाईंची एक रीत होती. स्पर्धेआधी मुली आपापले केस आपणच बांधत. मात्र एका मुलीचा अंबाडा बाई स्वतः घालत आणि त्यात आपल्या केसांतली काळी पिन खोवत. कुणाचा, का, ते त्या कधी बोलल्या नाहीत. पण तो मान दहा वर्षं लुदोविकाचा होता.

त्या दिवशी लुदोविका नेहमीसारखी स्टुलावर जाऊन बसली. मागे वळून पाहते, तर बाई पलीकडे उभ्या, आणि त्यांच्या हातात नीवेसचे केस.

तिच्या अंगाचा तिळपापड झाला. जगात याहून मोठे अन्याय होतात हे तिलाही कळत होतं, पण त्या क्षणी तिला एकही आठवेना. तेव्हापासून ती नीवेसला पाण्यात पाहू लागली. नीवेस हसली तरी खुपे, गप्प बसली तरी खुपे. तिचं चांगलं झालं की लुदोविकाची भूक मरे.

त्यांच्या संघाच्या खेळात एक मोठी अदलाबदल होती. लुदोविकाने या कोपऱ्यातून रिंग उंच उडवायची. त्या कोपऱ्यात नीवेसने कोलांटी मारून पांढऱ्या खुणेवर उठायचं आणि ती झेलायची. त्याच वेळी नीवेसची रिंग लुदोविकाकडे यायची.

दुसऱ्याच दिवशी लुदोविकाने पहिली वाकडी रिंग फेकली. जराशीच. डावीकडे, थोडी तोकडी, मनगटाला बारीक हिसका देऊन. हात निसटला असं वाटावं इतकीच. नीवेसच्या हातून ती सुटली. बाईंनी नीवेसला रागावलं. आणि कितीतरी दिवसांनी लुदोविका त्या रात्री पोटभर जेवली.

मग चटकच लागली. कधी एक पाऊल डावीकडे, कधी तीन. कधी रिंग हवेत डगमगायची, कधी उलटी फिरत यायची. पुढे पुढे हाताला डावीकडचीच सवय झाली, आणि तोरिनोच्या स्पर्धेतही रिंग तशीच गेली.

तिथे नीवेसने ती पाठीमागे पाय उचलून, न बघता, तळपायावर झेलली.

अख्खं सभागृह उभं राहिलं. खेळ संपल्यावर टाळ्या वाजवणाऱ्यांत कप्तान या नात्याने लुदोविकालाही हात वर करावे लागले. इतक्या जड टाळ्या तिने आयुष्यात वाजवल्या नव्हत्या.

…

"मी तिला वाकडी फेकते," लुदोविका म्हणाली.

"हं."

"मुद्दाम. तीन वर्षं झाली. एकदाही सरळ फेकली नाही."

"माहीत आहे."

"तुम्हाला माहीत होतं?"

"अगं, तुला मनगट मीच दिलंय. ते कधी निसटतं आणि कधी नाही, मला कळणार नाही?"

"मग बोलला का नाहीत?"

बाईंनी रिंग फिरवून पाहिली. पट्टी एका ठिकाणी उचलली होती. अंगठ्याने त्यांनी ती दाबली.

"…तू थांबली असतीस."

लुदोविकाचे कान तापले. शरमेपेक्षा त्यात राग जास्त होता. म्हणजे तिच्या पापावरही नीवेसचंच पीक काढलं गेलं होतं.

"आणि माझं काय? मला कोण शिकवणार होतं? सोळा वर्षं मी या गालिच्यावर घासलीत, बाई! मला का नाही येत ते झेल?"

"जा. उभी राहा तिथे."

बाई गुडघ्यांवर हात देत उठल्या. त्यांचा उजवा खांदा केव्हाच आखडला होता, हात कानाच्या वर जात नसे. त्यांनी रिंग फेकली. ती कसली फेक, म्हातारीची! रिंग डगमगत, लुळी पडत, भलतीकडेच गेली.

लुदोविकाने झेप घेतली. रिंग तिच्या बोटांना लागून घरंगळली.

"परत."

परत तेच. या वेळी तर बोटंही लागली नाहीत.

"अशी कुणी फेकतं का!" लुदोविका ओरडली.

रिंग भिंतीपाशी जाऊन, स्वतःभोवती फिरून, आडवी झाली. गोदामात तेवढाच आवाज.

"तुला रोज कोण फेकतं?" बाईंनी विचारलं.

"…नीवेस."

"कशी?"

नीवेसची रिंग लुदोविकाच्या तळव्यात अशी येऊन बसायची, की हात हलवावा लागत नसे. तीन वर्षांत तिला ती कधी शोधावी लागली नव्हती. रोजचं होतं म्हणून तिच्या लक्षातही आलं नव्हतं.

"मग तिनेच मला बिघडवलं!"

बाई हसल्या. दम लागेपर्यंत हसल्या, डोळे पुसले आणि पुन्हा खुर्चीत बसल्या. लुदोविकाला हसू आलं नाही. आपण काय बोललो हे ऐकू यायला तिला थोडा वेळ लागला, आणि ऐकू आलं तेव्हा ती खाली बघू लागली.

बाईंनी अर्ज तिच्याकडे सरकवला. वर पेन ठेवलं.

"प्रशिक्षकाची सही लागते. त्याशिवाय ते घेत नाहीत."

"आणि मी नाही केली तर?"

"तर नाही जाणार."

एवढं बोलून बाई पुढच्या रिंगकडे वळल्या. म्हणजे खरंच सगळं तिच्या हातात होतं. एक सही केली नाही, की नीवेसही इथेच, तीही इथेच. हा विचार तिला गोड लागला, हे तिने स्वतःपाशी नाकारलं नाही. तिने पेन उचललं. कोऱ्या रेघेवर टेकवलं. शाईचा एक ठिपका उमटला…

तिने पेन पुन्हा उचललं.

…

तेवढ्यात दार वाजलं. चार वाजले होते, सरावाला अजून वेळ होता. बाकीच्या मुली साडेचारच्या बसने येत. नीवेस मात्र पायी लवकर येई.

"चाओ, लुदो. चाओ, बाई." तिने पिशवी बाकावर टाकली, अर्धे बूट चढवले. अर्जाकडे तिचं लक्षही गेलं नाही. शिबिराचं पत्र आल्याचं तिला कुणी सांगितलेलंच नव्हतं. "आपण अदलाबदल करून घ्यायची का, त्या येईपर्यंत?"

लुदोविकाने बाईंकडे पाहिलं. बाई चिकटपट्टीचं टोक शोधत होत्या.

तिने हातातलं पेन अंबाड्यात खोवलं, रिंग घेतली आणि आपल्या कोपऱ्यात जाऊन उभी राहिली.

समोरच्या कोपऱ्यात नीवेस कोलांटीच्या तयारीत थांबली होती. दोघींच्या मधे तेरा मीटरचा गालिचा. पलीकडे पांढऱ्या पट्टीची फुली, नीवेसची खूण.

"आधी नुसती जागा दाखव," लुदोविका म्हणाली. "रिंग नको."

नीवेस वाकली, गोल फिरली, उठली.

खुणेवर नाही. दोन पावलं डावीकडे, आणि जरा पुढे.

लुदोविकाने हे आधीही पाहिलं होतं. दोनदा तर बाईंकडे चुगली केली होती, की ती खुणेवर येत नाही, संघाची ओळ बिघडते. बाईंनी दोन्ही वेळा 'बघू' म्हणून सोडून दिलं होतं. फेकताना लुदोविका नेहमी रिंगकडे बघायची, ती पडते का याकडे. आज हातची रिंग हातातच होती, म्हणून तिने माणसाकडे पाहिलं.

नीवेस टाचा उचलून, हात किंचित पुढे करून उभी होती. अगदी शांत. जणू तिची खूण तीच होती.

"तू फुलीवर का नाहीस?" लुदोविकाने विचारलं. आवाज तिला वाटला त्याहून बारीक निघाला.

नीवेसने खाली फुलीकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

"तुझी इथे येते ना," ती म्हणाली.

टोमणा नव्हता त्यात. असता तर लुदोविकाला बरं वाटलं असतं, भांडता तरी आलं असतं.

"हं. पहिल्यापासून," ती कशीबशी म्हणाली. "या वेळी रिंग घेऊन."

नीवेस परत मागे गेली. वाकली. वाट बघू लागली.

लुदोविकाने रिंग उचलली. मनगट आपणहून डावीकडे वळायला लागलं. तिने ते सरळ केलं. सरळ फेकली, तर रिंग फुलीवर जाणार आणि तिथे कुणी नसणार. तीन वर्षांतली पहिली सरळ रिंग नीवेसच्या हातून सुटणार. वाकडी फेकली, तर ती नेहमीसारखी झेलणार. आणि फुली तशीच रिकामी राहणार, कुणास ठाऊक किती दिवस.

तिचा हात खाली आला.

"बाई…" ती मागे न वळता म्हणाली. "कुठे फेकू? खुणेवर, की तिच्याकडे?"

पट्टी सोलल्याचा आवाज थांबला.

"प्रशिक्षक तू आहेस," बाई म्हणाल्या. "मला काय विचारतेस?"