हुकूम लागला कुठे?

डोंगरापासून समुद्रापर्यंत पसरलेलं एक राज्य होतं, तेव्हाची ही गोष्ट. राजधानी खाली समुद्राकाठी होती, पण राजाची चाकरी करणारी माणसं दूरदूरच्या वाड्यावस्त्यांवरही राहत. डोंगरावरची येसूमावशी त्यांपैकीच एक. राजाने नेमलेली ती सुईण होती.

एके दिवशी तिथल्या सुभेदाराच्या बायकोला कळा सुरू झाल्या. बोलावणं जाताच येसूमावशी आली, आणि काही वेळाने घाईघाईने निघूनही गेली. मुलगी सुखरूप जन्मली, पण सुभेदाराचा राग शमला नाही. सुईण काम टाकून पळाली, असं त्याने राजधानीला कळवलं. तिथल्या कारभाऱ्याने कोणालाही काही न विचारता हुकूम काढला आणि येसूमावशीची चाकरी गेली.

ती डोंगरावरच्या न्यायाधीशांकडे दाद मागायला गेली. न्यायाधीश वयस्कर होते आणि भारी चौकस. बाजारात वांगी घेतानाही ती कोणत्या मळ्यातली, हे विचारल्याशिवाय ते पिशवी उघडत नसत.

खटल्याच्या पहिल्याच दिवशी राजधानीहून आलेल्या सरकारी वकिलाने हरकत घेतली. हुकूम राजधानीत लिहिला, शिक्का राजधानीत उमटला, तेव्हा तक्रारही राजधानीच्याच न्यायसभेत व्हायला हवी. इथे ती ऐकण्याचा अधिकारच नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

न्यायाधीशांनी नुसती मान डोलावली असती, तरी काम संपलं असतं. सुभेदार खूश झाला असता, राजधानीही. येसूमावशी मात्र घाटाच्या वाटेकडे बघत बसली होती. तेवढं लांब जायचं कसं आणि तिथे आपल्याला ओळखणार कोण, हेच तिच्या मनात घोळत होतं.

पण न्यायाधीशांना वेगळंच कुतूहल वाटलं.

"हुकूम कुठे लिहिला ते कळलं," ते वकिलाला म्हणाले. "तो लागला कुठे?"

वकील गोंधळला. मग न्यायाधीशांनी शांतपणे एकेक विचारलं. मावशी चाकरी कुठे करत होती? तिने चूक केली म्हणता, ती कुठे केली? चाकरी गेल्यावर चूल कुठे थंडावली? दर वेळी वकिलाला "इथेच" म्हणावं लागलं.

"मग हा खटला राजधानीला जसा ऐकता येईल, तसा आम्हालाही येईल," न्यायाधीश म्हणाले. "हुकूम चुकला, असं मी म्हटलेलं नाही. म्हणेन की नाही, तेही अजून मला ठाऊक नाही. ऐकल्यावर कळेल."

नुसत्या मावशीच्या शब्दावर निकाल द्यायला नको, म्हणून ज्याला काही माहीत असेल त्याने येऊन सांगावं, अशी त्यांनी दवंडी पिटवली. दुसऱ्या दिवशी सकाळी तान्ही मुलगी कुशीत घेऊन एक बाई न्यायसभेत आली. ती सुभेदाराचीच बायको होती. तिला पाहून सुभेदार चपापला.

तिने सांगितलं, की त्या दिवशी वरच्या धनगरवाड्यावरून एक माणूस धापा टाकत आला होता. त्याच्या बायकोचं मूल आडवं आलं होतं. येसूमावशीचा पाय निघत नव्हता.

"मीच मावशींना जा म्हटलं," ती म्हणाली. "माझी आई माझ्याजवळ होती. त्या बाईजवळ कोणी नव्हतं."

हे आधी का सांगितलं नाही, असं न्यायाधीशांनी विचारलं.

"मला कोणी विचारलंच नाही," ती म्हणाली. "आणि एवढंसं लेकरू घेऊन राजधानीला कशी गेले असते?"

धनगरवाड्यावरची बाळ-बाळंतीण दोघंही वाचली होती. न्यायाधीशांनी हुकूम रद्द केला. सुभेदाराने खाली मान घालून येसूमावशीची माफी मागितली, आणि ती त्याच दिवसापासून कामाला लागली.

वकील राजधानीला परतला तेव्हा कारभाऱ्याने त्याला खोचकपणे विचारलं, की डोंगरावरचा एवढा साधा खटला हरलास कसा?

वकील म्हणाला, "इथे चालला असता तर मी नक्की जिंकलो असतो. त्याचीच मला भीती वाटते."

तात्पर्य: हुकूम जिथून सुटतो तिथे न्यायाचं दार असावंच, पण तो जिथे लागतो तिथेही असावं, कारण खरं सांगू शकणारी माणसं बहुधा तिथेच राहतात.