मारेनचा तुकडा

"...मग तो तुकडा गेला कुठे?"

आस्गर सकाळपासून डबे उघडून पाहत होता. कोपनहेगनमधल्या त्या चित्रपट-संकलनाच्या खोलीत त्याने टोपलीतल्या फिती उपसल्या, कपाटामागेही हात घालून पाहिला.

बोदिलबाई टेबलापाशी कॉफी पीत बसल्या होत्या. एकोणचाळीस वर्षं त्या लोकांचे चित्रपट कापत आणि जोडत आल्या होत्या. आस्गर त्यांच्या हाताखाली शिकला आणि आता स्वतःचा पहिला माहितीपट घेऊन आला होता.

"माझ्याकडे आहे," त्या म्हणाल्या.

"मारेनचा?"

"हो."

मारेन म्हणजे किनाऱ्यावरच्या एका गावातली मच्छीमाराची विधवा. तुकड्यात ती सांगत होती, "वादळ येणार हे मला ठाऊक होतं. तरी मी त्याला अडवलं नाही. घरात नकोसा झाला होता." आस्गरचा सगळा माहितीपट या शब्दांवर उभा होता.

"ती तुमची कुणी लागते का?"

"नाही."

"मग गावातून कुणाचा फोन आला?"

"नाही."

आस्गर जवळ आला. "बाई, लोक बोलतात. दोन मोठे दिग्दर्शक तुम्हाला सोडून गेले. त्यांचेही तुकडे असेच नाहीसे झाले म्हणे."

"दोन नाही, तीन."

"म्हणजे खरंच आहे तर! दुसऱ्याचं नाव झालेलं तुम्हाला बघवत नाही."

बाईंनी कप खाली ठेवला. एप्रनच्या खिशातून फितीची गुंडाळी काढून यंत्रावर चढवली.

"तुकडा कुठून लावायचा ते तू मला लिहून दिलं होतंस. मी त्याच्या आधीचंही ऐकलं."

यंत्र फिरू लागलं. छोट्या पडद्यावर मारेन शाल सावरत होती.

"झालं ना आता?" तिने विचारलं.

"झालं," पडद्यामागून आस्गरचा आवाज आला. "कॅमेरा बंद केलाय. आता निवांत बोला."

मारेनने सुस्कारा सोडला... आणि बोलू लागली, "वादळ येणार हे मला ठाऊक होतं..."

बाईंनी यंत्र थांबवलं.

आस्गरचे कान लाल झाले होते. तो खिडकीकडे वळला.

"हे आणखी कुणी ऐकलंय?" त्याने विचारलं.

बाईंनी फीत यंत्रावरून उतरवली, त्याच्या हातात दिली आणि कात्री, चिकटपट्टी त्याच्यापुढे सरकवली.

"जोड," त्या म्हणाल्या. "पण तुझ्या वाक्यापासून जोड."